दोन सूत

सकाळी साडेसात. बालाजीच्या देवळापासून दोन बोळ टाकले की ही चाळ. इमारत 1940च्या आधीची, म्हणजे म्हाडाच्या हिशोबात ‘अ’ वर्गातली उपकरप्राप्त. लाकडी खांब, लाकडी तुळया, मधे विटा. दुसऱ्या मजल्यावरच्या आजींनी पहाटे नळ असतानाच दोन पिंपं भरून ठेवलीत. दिवसभराचं काम त्याच पाण्यावर.

काम मोरीतल्या जुन्या लाद्यांवरच गिलावा चढवण्याचं. आठ वाजता मोरीच्या भिंती वाजवायला घेतो. सहा बाय सहाच्या पांढऱ्या लाद्या, कडा पिवळ्या पडलेल्या. हातोडीच्या दांड्याने एकेक लादी ठोकायची. घट्ट असेल तर टक् वाजते, पोकळ असेल तर बद्द. बद्द वाजली की खडूची फुली. अकरा फुल्या झाल्या, त्यातल्या नऊ एकट्या नळाखाली. इथे मी थांबतोच. लाद्यांमागे पाणी मुरतंय. यावर गिलावा मारला तर वर्षभर भिंत छान दिसेल आणि आत तुळई कुजत राहील. त्या नऊ लाद्या काढल्या, तेव्हा मागे पाइपाचा सांधा घामेजलेला दिसला. प्लंबरला फोन केला.

“मग सगळ्याच फोडून टाका ना, मिस्त्री,” आजी म्हणतात.

“आजी, पंचावन्न चौरस फूट आहे. लादी आणि मागचा माल धरून तीनशे किलो डेब्रिज निघेल. बारा गोण्या तुमच्या या जिन्यावरून उतरवायच्या. आणि घणाचे दणके बसले की शेजारच्यांच्या भिंतीचाही गिलावा पडतो.”

वरून पातळ गिलावा मारला तर साठ-पासष्ट किलोच वाढतात. अशा इमारतीत हा हिशोब आधी करायचा.

दहा ते एक आवाजाचं काम. लादीचा चकचकीत थर म्हणजे काचच. वीट पाणी ओढते, म्हणून तिला माल धरतो. काच पाणी ओढत नाही, म्हणून माल पापड सुटावा तसा सुटतो. ग्राइंडरने ती चमक मारायची, वर छिन्नीने खाचा. दाराला ओलं गोणपाट, तोंडाला मास्क, तरी धूळ पापण्यांवर बसतेच. मग धुण्याच्या सोड्याने घासायचं. मोरीत सत्तर वर्षांचा साबण आणि तेल मुरलंय, ते निघाल्याशिवाय पुढे जायचं नाही.

दीड वाजता डबा. दोन ते चार आवाज बंद. चाळीत म्हातारी माणसं झोपतात. तेवढ्यात प्लंबरने सांधा बदलला, मी पोकळ जागा भरून घेतल्या आणि पोऱ्याने रेती चाळली.

चार वाजता चहा, आणि दिवसातलं सगळ्यात नाजूक काम. लॅटेक्स, पाणी आणि सिमेंट कालवून पातळ रबडी करायची आणि ब्रशने भिंतीला घासून लावायची. ती बोटाला चिकटली पाहिजे, पण बोटाबरोबर निघून येता कामा नये. तेवढ्या वेळातच गिलावा चढवायचा. रबडी वाळली तर तीच मधला पापुद्रा होते आणि सगळा गिलावा घेऊन खाली येते. म्हणून मी अख्खी भिंत एकदम कधी रंगवत नाही, दोन हात जागा रंगवायची आणि लगेच थापीने माल दाबायचा. एकास तीन माल, जाडी दोन सूत. ओळंबा सोडला तर भिंत वर आत झुकलेली. ती सरळ करायला गेलो तर गिलावा इंचभर होईल. आजींना सांगितलं, भिंत आहे तशीच राहील. त्यांनी मान डोलावली.

सहा वाजता गुरमाळा फिरवतो. कोपऱ्यात, भिंत आणि जमीन मिळते तिथे, बोटाने गोलाई काढतो. मोरीतलं पाणी पहिल्यांदा तिथूनच आत शिरतं. उद्याचा दिवस हलक्या हाताने पाणी मारायचं, मग भिंत सुकू द्यायची. लॅटेक्सला सुकणंही लागतं.

साडेसात. हातपाय धुऊन खालच्या मजल्यावर जातो. तिथल्या वहिनी स्टूल देतात. बरोबर मोरीखालच्या तुळईला तळहात लावून बघतो. अजून गार आहे, ओलसर. खडूने डागाभोवती रेघ ओढतो.

“आठ दिवसांनी येतो, वहिनी. तोवर डाग रेघेबाहेर गेला तर लगेच फोन करा.”