संकलनाच्या टेबलावरची एलिझावेता

भरधाव धावणारा घोडा पडद्यावर एकाएकी थिजतो. बग्गीतल्या बायका थिजतात, रस्त्यावरची गर्दी थिजते, मुलांचे चेहरे थिजतात. मग तेच चेहरे फिल्मच्या पट्टीवर दिसू लागतात, कडेला भोकांची रांग असलेल्या. ती पट्टी एका बाईच्या हातात आहे. तिच्या मागे फळ्यांवर रिळं ओळीनं लावून ठेवली आहेत आणि त्यांना चिठ्ठ्या डकवल्या आहेत : कारखाना, यंत्रं, बाजार. काचेखालून येणाऱ्या उजेडात ती पट्टी न्याहाळते, कात्री चालवते, आणि मघाशी थिजलेलं मूल हलू लागतं. पुढे हीच मुलं एका जादूगाराचा खेळ बघताना आपल्याला भेटतात.

झिगा व्हेर्तोव्हच्या १९२९ सालच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ या मूकपटातला हा प्रसंग. बाईचं नाव एलिझावेता स्विलोव्हा. व्हेर्तोव्हची पत्नी, आणि हा चित्रपट ज्या टेबलावर घडला त्या टेबलाची मालकीण. श्रेयनामावलीत व्हेर्तोव्हला ‘प्रयोगाचा लेखक आणि प्रमुख’ म्हटलं आहे, त्याचा भाऊ मिखाइल काउफमन मुख्य छायाचित्रकार आहे, आणि स्विलोव्हा ‘संकलन सहायक’. सहायक हा शब्द मला खटकतो. अडुसष्ट मिनिटांच्या या चित्रपटात साडेसोळाशेहून अधिक तुकडे आहेत, आणि शेवटाकडे तर काही तुकडे जेमतेम दोन-तीन फ्रेमांचे. मॉस्को, कीव्ह, ओदेसा इथं वेगवेगळ्या वेळी चित्रित झालेलं साहित्य हाताशी घ्यायचं, कुठला तुकडा कुठल्या रिळात आहे हे ध्यानात ठेवायचं आणि हवा तेव्हा तो नेमका काढायचा, या कामाला सहायक म्हणणं म्हणजे त्याचं मोलच नाकारणं.

तिचा जन्म १९००चा, मॉस्कोत. घर रेल्वे कामगाराचं. बाराव्या वर्षी ती फिल्म धुण्याच्या प्रयोगशाळेत उमेदवारीला लागली आणि दोनेक वर्षांत पाथे या फ्रेंच कंपनीच्या मॉस्कोतल्या शाखेत संकलनाच्या कामाला. निगेटिव्ह कापणं, तुकडे निवडून लावणं, जोडणं ही कामं तेव्हा बहुतेक तरुण मुलींकडे असत. ती बोटांची, चिकाटीची कामं मानली जात आणि पगारही त्याच बेतानं मिळे. जोड द्यायचा तर पट्टीच्या टोकावरचा रासायनिक थर खरवडायचा, त्यावर फिल्म चिकटवण्याचा द्रव लावायचा, दुसरं टोक भोकाला भोक जुळवून दाबून धरायचं. हात किंचित हलला की पडद्यावर चित्र उडी मारणार. शिवाय त्या काळची फिल्म नायट्रेटची, ठिणगीसरशी भडकणारी. क्रांतीनंतर ती सरकारी चित्रपट विभागात आली तेव्हा विशीही ओलांडलेली नव्हती, पण कात्री हातात येऊन सहा-सात वर्षं झाली होती.

व्हेर्तोव्ह तिथंच भेटला. त्याला अगदी आखूड तुकडे हवे असत : पाच फ्रेमांचे, दहा फ्रेमांचे. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर दहा फ्रेमा म्हणजे एकोणीस सेंटिमीटर, वीतभरही नाही, आणि पडद्यावर अर्ध्या सेकंदाच्या आसपास. जोडकाम करणाऱ्यांना ते टाकाऊ कात्रण वाटलं आणि त्यांनी ते कचऱ्यात टाकून दिलं. स्विलोव्हानं पुढे सांगितलेल्या आठवणीनुसार, हताश झालेल्या व्हेर्तोव्हची तिला कीव आली. तिनं ते तुकडे वेचले आणि त्याला हव्या त्या क्रमानं जोडून दिले. बायकोनं सांगितलेली गोष्ट म्हणून ती कुणी सोडून देऊ नये. दिग्दर्शकाच्या डोक्यातली लय फिल्मवर उतरू शकते हे त्या जोडणीनं पहिल्यांदा दाखवलं. १९२३च्या सुमारास दोघांनी लग्न केलं. व्हेर्तोव्ह, काउफमन आणि ती मिळून ‘तिघांची परिषद’ झाली. त्यांच्या ‘किनो-प्राव्दा’ या वृत्तपटमालेचे १९२२ ते १९२५ या काळात तेवीस अंक निघाले, तेही कच्च्या फिल्मचा दुष्काळ असताना.

१९३०च्या दशकात व्हेर्तोव्हचे दिवस फिरले. प्रयोगशीलता संशयास्पद ठरू लागली आणि त्याला मनासारखं काम मिळेनासं झालं. तिचं मात्र चालू राहिलं, आणि इथून पुढची तिची कारकीर्द मला सर्वांत उपेक्षित वाटते. २७ जानेवारी १९४५ रोजी सोव्हिएत फौजा आउश्वित्झच्या नाझी छळछावणीत पोहोचल्या. छायाचित्रकारांनी तिथं टिपलेलं साहित्य स्विलोव्हापुढे आलं : चष्म्यांचे ढीग, केसांची पोती, बाह्या वर सारून हातावरचे गोंदलेले आकडे दाखवणारी मुलं. त्यातून तिनं ‘ओश्व्येंचिम’ (म्हणजे आउश्वित्झच) हा माहितीपट उभा केला. आउश्वित्झचं हे साहित्य पुढे सोव्हिएत बाजूनं न्युरेंबर्गच्या खटल्यात पुरावा म्हणून दाखवलं. या कामाची जोखीम साधी नव्हती. ज्या हातांनी अर्ध्या सेकंदाचे तुकडे नाचवले, त्यांना आता प्रत्येक जोड ‘हे रचलेलं आहे’ या आरोपाला तोंड देईल असा द्यावा लागणार होता. त्याच वर्षी आलेल्या ‘बर्लिन’ची ती सहदिग्दर्शक होती, आणि खटल्यावरच्या ‘सूद नरोदोव्ह’ (१९४६) या चित्रपटावर तिनं दिग्दर्शक रोमन कारमेनबरोबर काम केलं.

व्हेर्तोव्ह १९५४ साली गेला. दोन-एक वर्षांत तिनं स्टुडिओ सोडला आणि त्याच्या वह्या, टिपणं, पत्रं, छायाचित्रं लावायला घेतली. फळ्यांवर चिठ्ठ्या लावून रिळं ठेवायची सवय इथं कामी आली. त्याचे लेख, रोजनिशा आणि न झालेल्या चित्रपटांचे आराखडे यांचं पुस्तक १९६६ साली मॉस्कोत निघालं. व्हिएन्नातल्या ऑस्ट्रियन फिल्म म्युझियमला तिनं दिलेलं साहित्य हा तिथल्या व्हेर्तोव्ह संग्रहाचा पाया ठरला. ‘लेनिनविषयी तीन गाणी’ हा १९३४चा चित्रपट सहकाऱ्यांसह तिनं १९७० मध्ये पुन्हा जुळवला. १९३८च्या आवृत्तीत स्टालिन वाढवला होता. या वेळी तो गाळला. म्हणजे आज ती प्रत पाहताना १९३४चा चित्रपट आणि १९७०ची राजकीय हवा एकत्रच पाहावी लागतात, आणि दोन्ही वेळा टेबलावर तीच होती हे अभ्यासकांनी विसरू नये.

ती १९७५ मध्ये वारली. २०१४ साली ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश मासिकानं समीक्षक आणि चित्रपटकारांचा कौल घेतला, तेव्हा आजवरचा सर्वोत्तम माहितीपट म्हणून ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ पहिला आला. अलीकडे अभ्यासक तिच्या स्वतंत्र चित्रपटांकडे वळू लागले आहेत. ‘ओश्व्येंचिम’पासून त्यांनी सुरुवात करावी.