स्टीफन श्नायडर: खात्री किती, तेही सांगा

संयुक्त राष्ट्रांच्या आयपीसीसी या हवामान समितीच्या अहवालात ‘संभाव्य’ लिहिलं असेल, तर त्याचा अर्थ शक्यता 66 टक्क्यांहून जास्त. ‘अतिशय संभाव्य’ म्हणजे 90 टक्क्यांहून जास्त. अंदाजासोबत खात्रीही मोजून सांगायची ही शिस्त रुजवण्यात अमेरिकी हवामानशास्त्रज्ञ स्टीफन श्नायडर (1945–2010) यांचा मोठा वाटा आहे.

गाजलेला निबंध

1971 मध्ये नासाच्या गोडार्ड संस्थेत असताना श्नायडर यांनी एस. आय. रसूल यांच्यासोबत ‘सायन्स’ नियतकालिकात शोधनिबंध लिहिला. हवेतले सूक्ष्म कण चौपट झाले, तर पृथ्वीचं तापमान 3.5 अंशांपर्यंत उतरू शकेल, असा त्यांचा हिशेब होता. त्यात हे कण जगभर सारखे पसरलेले धरले होते. प्रत्यक्षात ते शहरं-कारखान्यांभोवती दाट असतात आणि पावसाने काही दिवसांत धुऊन निघतात. कार्बन डायऑक्साइड मात्र साचत राहतो, आणि त्याच्यामुळे होणारी तापमानवाढ त्यांच्या गणितात कमी धरली गेली होती. काही वर्षांतच श्नायडर यांनी आपला निष्कर्ष उघडपणे सुधारला. ‘आधी थंडी म्हणाले, आता उष्णता’ असं विरोधक पुढे कायम उगाळत राहिले. मला तर त्यांच्या शब्दाला वजन आलं ते या दुरुस्तीमुळेच, असं वाटतं.

शंकेची मोजदाद

आयपीसीसीच्या सुरुवातीच्या अहवालांत एकाचं ‘बहुधा’ आणि दुसऱ्याचं ‘बहुधा’ यांत ताळमेळ नसे. धरण बांधायचं की किनाऱ्यावरची वस्ती हलवायची, हे ठरवणाऱ्याने त्यातून काय घ्यावं? 2000 मध्ये श्नायडर आणि रिचर्ड मॉस यांनी लेखकांसाठी मार्गदर्शिका तयार केली: पुरावा किती, तज्ज्ञांत एकमत किती, खात्री किती, हे स्पष्ट लिहा, ती कशावरून ठरवली, तेही नोंदवा. पुढे त्याचा उपयोग दिसला. अलीकडच्या तापमानवाढीचं मुख्य कारण मानवी कृती, हे विधान 2001 मध्ये ‘संभाव्य’ होतं, 2007 मध्ये ‘अतिशय संभाव्य’ झालं. पुरावा किती बळकट झाला, हे सामान्य वाचकालाही कळू लागलं.

लोकांसमोर

1975 मध्ये त्यांनी ‘क्लायमॅटिक चेंज’ हे नियतकालिक स्थापन केलं. भौतिकशास्त्रज्ञ आणि अर्थशास्त्रज्ञ एका पानावर यावेत, हा हेतू. जॉनी कार्सन यांच्या लोकप्रिय टीव्ही कार्यक्रमातही ते गेले. 1989 च्या एका मुलाखतीत ते शास्त्रज्ञाच्या कोंडीबद्दल बोलले: सगळ्या शंका सांगाव्यात, की ऐकणाऱ्याला पटेल असं थोडक्यात बोलावं? दोन्ही साधता यावं, अशी आशा त्यांनी शेवटी व्यक्त केली होती. तेवढाच भाग गाळून त्यांच्यावर लबाडीचा आरोप झाला. हा अन्याय होता.

आजारपणातही तेच

2001 मध्ये त्यांना लिम्फोमाचं निदान झालं. सरासरी रुग्णाच्या आकड्यांवर न थांबता स्वतःच्या तपासण्यांनुसार शक्यता पुन्हा मांडत त्यांनी डॉक्टरांशी उपचारांची चर्चा केली. त्यावर 2005 मध्ये पुस्तकही लिहिलं. जून 2010 मध्ये त्यांचा सहभाग असलेला आणखी एक निबंध आला: हवामानावर सर्वाधिक संशोधन प्रसिद्ध करणाऱ्यांपैकी 97 ते 98 टक्के जण मानवनिर्मित तापमानवाढ मान्य करतात. पुढच्याच महिन्यात, 19 जुलैला, स्वीडनहून लंडनला जाताना विमानात त्यांचं निधन झालं.