चार माणसांचा ओटा

अमरावतीत राहून मला पस्तीस वर्षे झाली. जवाहर गेटमधून रोजचे जाणे-येणे. हा परकोट १८०७ साली, निजामाच्या राजवटीत बांधला गेला. पेंढाऱ्यांची धास्ती होती आणि आतली व्यापारी पेठ वाचवायची होती. म्हणून सुमारे सव्वादोन मैलांची भिंत उभी राहिली. भीती सगळ्या गावाची, म्हणून भिंतही सगळ्या गावाची एकच. आत मात्र घराला घर लागून आणि दारापुढे ओटे. शहराचे रूप असे घडते. गवंडी भिंत बांधतो, पण ती कुठे बांधायची हे माणसांचे मन ठरवते.

अकोल्याच्या जुन्या शहरातले आमचे घरही असेच. उन्हाळ्यात पारा पंचेचाळीसवर गेला, तरी मातीच्या जाड भिंती आतला गारवा धरून ठेवत. संध्याकाळी ओट्यावर पाणी शिंपडले की अख्खी गल्ली बाहेर येऊन बसे. श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी गांधीग्रामहून पूर्णेचे पाणी घेऊन कावडी राजराजेश्वराला येतात. त्या दिवशी आमच्या ओट्यावर माठ भरलेला असे. पिणारा कोण, कुठला, हे कोणी विचारत नसे.

यंदा ते घर पाडून नवे बांधायचे ठरले. मुलाने नकाशा आणला. खाली पार्किंग, वर दोन मजले, पुढे सात फुटांची कंपाउंड वॉल आणि लोखंडी फाटक. त्याचेही चुकत नाही. गाडी ठेवायची कुठे? पण मला गेला उन्हाळा आठवला. आईला ओट्यावर बसल्या बसल्या भोवळ आली. आम्ही इकडे शंभरेक किलोमीटरवर. समोरच्या चाचींनी पाहिले, धावत आल्या, म्हणून निभावले. सात फुटांच्या भिंतीपलीकडचे त्यांना काय दिसले असते?

दोन्ही शहरांच्या नव्या वसाहतींत एकदा पायी फिरून पाहा. बंगले देखणे आहेत, पण दारात टेकायला जागा नाही. पेंढारी जाऊन दोनशे वर्षे झाली आणि आपण घरागणिक वेगळा परकोट बांधतो आहोत.

आईला नकाशा समजावून सांगितला. ती एवढेच म्हणाली, "बांध बाप्पा, पण चार माणसं बसतीन एवढा ओटा ठेवजो."

मुलाने फाटक तीन फूट आत घेतले. गाडी जरा तिरपी लावावी लागेल. लागू दे.