बटण आत्ता, उडी मागाहून!

सुट्टी लागली, की हॉलमधल्या टीव्हीवर दोन पिढ्यांची ओढाताण सुरू होते. आजीआजोबांना मालिका आणि बातम्या हव्यात, मुलांना गेम. वेळ वाटून दिली तरी मुलांची एक तक्रार उरतेच. "आई, टीव्ही स्लो आहे!" आपल्याला नवल वाटतं. चित्र तर लख्ख दिसतंय, मग स्लो काय त्यात? पण मैत्रिणींनो, ही तक्रार पुष्कळदा खरी असते बरं का! आणि तिच्यावरचा उपाय बहुधा आपल्या हातातल्या रिमोटमध्येच असतो. त्याला दमडीही पडत नाही.

हा उशीर होतो कुठे?

मूल कंट्रोलरचं बटण दाबतं. गेमचं यंत्र त्याप्रमाणे नवं चित्र तयार करून तारेतून टीव्हीकडे पाठवतं. टीव्ही मात्र ते आलं तसं दाखवत नाही. आधी त्यावरचे बारीक ठिपके पुसतो, कडा रेखीव करतो, रंग खुलवतो, लहान चित्र असेल तर पडद्याएवढं मोठं करतो आणि मग आपल्यापुढे मांडतो. पोळी तव्यावरून थेट ताटात वाढणं वेगळं, आणि तिला तूप लावून, घडी घालून, डब्यात ठेवून मग वाढणं वेगळं. पोळी तीच, पण पानावर बसलेल्याला थांबावं लागतं.

सर्वांत जास्त वेळ खाते ती हालचाल गुळगुळीत करण्याची सोय. क्रिकेटमधला चेंडू किंवा मालिकेतली धावपळ सफाईदार दिसावी म्हणून टीव्ही दोन चित्रांच्या मध्ये स्वतःच्या मनाने एक जादा चित्र काढून घालतो. आता ठिपक्यांच्या रांगोळीत रेघ ओढायची, तर पुढचा ठिपका आधी काढलेला लागतो ना? तसंच इथे. मधलं चित्र काढायचं तर पुढचं हाती यावं लागतं, आणि तोवर आधीचं रोखून धरावं लागतं. उशीर होतो तो असा.

आकड्यांत सांगायचं तर एका सेकंदाचे 1000 मिलिसेकंद. गेमचं यंत्र साधारणपणे सेकंदाला 60 चित्रं पाठवतं, म्हणजे एका चित्राच्या वाट्याला सुमारे 17 मिलिसेकंद येतात. नेहमीच्या सेटिंगवर पुष्कळ टीव्ही 50 ते 100 मिलिसेकंद घेतात, काही त्याहूनही जास्त. म्हणजे मूल जे पाहतं ते तीन ते सहा चित्रं मागचं असतं! गेम मोड लावला, की अलीकडच्या बऱ्याच संचांत हाच उशीर 10 ते 20 मिलिसेकंदांवर येतो.

मालिका पाहताना हे जाणवत नाही, कारण टीव्ही आवाजही तेवढाच रोखून धरतो आणि दोन्ही बरोबर सोडतो. गेममध्ये मात्र आपला अंगठा आधीच पुढे गेलेला असतो.

जुना डबा बरा होता

माझ्या वयाच्या वाचकांना लहानपणीचे कॅसेटवाले गेम आठवत असतील. त्या वेळच्या पिक्चर ट्यूबच्या टीव्हीत चित्र साठवून ठेवण्याची भानगड नव्हती. सिग्नल येईल तसा तो ओळीमागून ओळ पडद्यावर उमटवी. म्हणून मारिओची उडी बटणाबरोबर पडे. निन्टेन्डोच्या 1984 सालच्या 'डक हंट'मधली बदकं मारायची बंदूक तर याच वेळेवर चाले. चाप ओढला, की पडदा क्षणभर काळा होऊन बदकाच्या जागी पांढरा चौकोन चमके, आणि तो उजेड त्याच क्षणी बंदुकीला दिसला तर बदक पडे. ती बंदूक आजच्या सपाट टीव्हीपुढे धरली तर चालत नाही. उजेड वेळेवर पोहोचतच नाही!

आमच्या घरची गोष्ट

माझे धाकटे दीर गेल्या वर्षापासून नोकरीनिमित्त बंगळूरला असतात. जाऊबाई आणि त्यांची बारा वर्षांची लेक इथेच आमच्यात. रोज रात्री साडेआठला बापलेक गाड्यांच्या शर्यतीचा गेम ऑनलाइन खेळत. तेवढीच त्यांची भेट. खेळता खेळता शाळा, मैत्रिणी, डब्यातली भाजी, सगळं बोलून होई. पण पोर दर वेळी हरे. वळण आलं की तिची गाडी भिंतीवर. हळूहळू ती म्हणू लागली, "मला जमतच नाही." मग "आज अभ्यास आहे", "आज डोकं दुखतंय". भाऊजी फोनवर म्हणाले, "वहिनी, तिला माझा कंटाळा आला का हो?" त्यांचा आवाज ऐकून मलाच कसंसं झालं.

इकडे दुकानदाराने सांगितलं, की टीव्ही 2019 सालचा आहे, आता नवाच घ्या. हप्त्यांचा हिशेबही झाला. मी एका शाळेत अर्धवेळ शिकवते, तिथल्या नववीच्या मुलांच्या तोंडी 'लॅग' हा शब्द सारखा असतो. तेव्हा म्हटलं, पैसे भरण्याआधी सेटिंग तर पाहू. टीव्ही 'व्हिव्हिड'वर होता, आणि हालचाल गुळगुळीत करण्याची सोय पूर्ण चढवलेली. भाऊजी तिकडे कॉम्प्युटरच्या मॉनिटरवर खेळत. त्यात असली प्रक्रिया फारशी नसते. म्हणजे एकाच शर्यतीत एकाला रस्ता आत्ताचा दिसत होता आणि दुसरीला थोडा मागचा.

गेम मोड लावला. पोर त्या रात्रीही हरली, पण गाडी रस्त्यावर राहिली. तिसऱ्या दिवशी साडेआठच्या आधीच तिने बाबांना फोन लावला. नव्या टीव्हीचे हप्ते आम्ही रद्द केले.

क्रमाने करून पाहा

1. गेमच्या यंत्राची एचडीएमआय तार थेट टीव्हीला जोडा. मध्ये स्प्लिटर किंवा दुसरं कुठलं उपकरण नको. टीव्हीच्या मागे एखाद्या पोर्टजवळ 'गेम' किंवा '4के 120 हर्ट्झ' असं लिहिलेलं असेल, तर तोच निवडा. यंत्राबरोबर आलेली तार चांगली असते, ती जपून वापरा.

2. त्या पोर्टवर गेम चालू असतानाच टीव्हीचा मेनू उघडा आणि पिक्चर मोडमध्ये 'गेम' निवडा. सोनीच्या संचात तो तिथेच सापडतो. सॅमसंगच्या संचांत गेम मोडची वेगळी सोय असते, पुष्कळ मॉडेलांत 'एक्स्टर्नल डिव्हाइस मॅनेजर'मध्ये. एलजीच्या 2021 नंतरच्या बऱ्याच संचांत 'गेम ऑप्टिमायझर' हे नाव दिसेल.

3. हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद आहे ना, पाहा. सोनी तिला 'मोशनफ्लो' म्हणतं, एलजी 'ट्रूमोशन', सॅमसंग 'ऑटो मोशन प्लस' किंवा 'पिक्चर क्लॅरिटी'. 'नॉइज रिडक्शन'ही बंद करा. गेम मोड नसलेल्या काही संचांत त्या पोर्टला 'पीसी' असं नाव दिलं, की बरीच प्रक्रिया आपोआप टळते.

4. प्लेस्टेशन 5 किंवा एक्सबॉक्स सिरीज एक्स असेल, तर टीव्हीला आपोआप गेम मोडमध्ये नेण्याची सोय त्यांत आहे. तिचं नाव 'एएलएलएम'. ती 2017 साली एचडीएमआय 2.1 बरोबर आली. यंत्र आणि टीव्ही दोघांनाही ती ठाऊक असेल तरच चालते. जुन्या टीव्हीवर मोड हातानेच बदलावा लागतो.

5. टीव्ही 4के असेल, तर त्या पोर्टचं सिग्नल सेटिंग वाढवा. सोनीत 'एनहान्स्ड फॉरमॅट', सॅमसंगमध्ये 'इनपुट सिग्नल प्लस', एलजीत 'एचडीएमआय अल्ट्रा एचडी डीप कलर'. टीव्ही सेकंदाला 120 चित्रं दाखवू शकत असेल आणि गेमही तेवढी देत असेल, तर एका चित्राला 8 मिलिसेकंदांच्या आसपासच लागतात. 'व्हीआरआर' असेल तर तेही चालू करा. यंत्राचं चित्र कमीअधिक वेगाने आलं तरी टीव्ही त्याच्या पावलाने पाऊल टाकतो आणि चित्र मधेच फाटल्यासारखं दिसत नाही.

6. आवाजही तपासा. ब्लूटूथ हेडफोन टीव्हीला जोडला, की आवाज मागे पडतो. त्याऐवजी तारेचा हेडफोन कंट्रोलरलाच जोडावा. आजच्या पुष्कळ कंट्रोलरांना त्यासाठी जागा असते.

7. यंत्र बंद कपाटात कोंबू नका. त्याला वारा लागतो, आणि कंट्रोलरचा बिनतारी सिग्नलही मोकळ्या जागेत नीट पोहोचतो.

फरक पडला का? मोजून पाहा

बऱ्याच मोबाइलांत स्लो मोशन चित्रण असतं, सेकंदाला 240 चित्रांचं. अशा वेळी एक चित्र म्हणजे सुमारे 4 मिलिसेकंद. एकाने कंट्रोलर टीव्हीपुढे धरावा, दुसऱ्याने अंगठा आणि पडदा दोन्ही दिसतील असं चित्रण करावं. अंगठा बटणावर दाबला गेल्यापासून पडद्यावर हालचाल होईपर्यंत किती चित्रं गेली, ती मोजा. समजा, आधी 48 भरली आणि गेम मोडमध्ये 30. म्हणजे 18 चित्रं वाचली, सुमारे 75 मिलिसेकंद. यंत्राचा आणि गेमचा स्वतःचा वेळ दोन्ही मोजणीत असतो, म्हणून आकडा शून्यावर येणार नाही. बघायचा तो दोन्हींतला फरक. मुलांकडूनच हे करून घ्या. गणिताचा तासही होतो!

टीव्हीवर खोटा आळ नको

प्रत्येक अडखळण्याचा दोष टीव्हीचा नसतो. एकट्याने खेळतानाही, साध्या मेनूत खालीवर जातानाही उशीर होत असेल, तर टीव्ही तपासा. आपली गाडी झटकन वळते पण दुसऱ्यांच्या गाड्या मधेच उडी मारून पुढे दिसतात, तर इंटरनेट पाहा. राउटरपासून यंत्रापर्यंत सरळ लॅनची तार ओढली, तर पुष्कळदा गुण येतो. मोबाइलवरचा गेम वायफायवरून टीव्हीवर दाखवत असाल, तर उशीर होणारच. मोबाइल आणि टीव्ही दोन्हींना चालणारी तार मिळाली तर तिने जोडावा.

आजींच्या मालिकेचं काय?

काळजी नको. बहुतेक संचांत प्रत्येक पोर्टचं सेटिंग वेगळं साठवलं जातं. सेटटॉप बॉक्सच्या पोर्टवर आजींचे रंग होते तसेच राहतात. गेम मोडमध्ये रंग जरा फिके वाटले तर ब्राइटनेस आणि रंग आपल्या डोळ्यांना बरे वाटतील असे करून घ्या. त्याने उशीर वाढत नाही. सारं ठीक बसलं, की कोणतं सेटिंग कुठे ठेवलं ते कागदावर लिहून टीव्हीच्या कपाटात आतून चिकटवा. पाहुण्यांच्या मुलांनी बदललं तरी दोन मिनिटांत पूर्ववत होतं.

आणि कधी नवा संच घ्यायचाच झाला, तर दुकानात एवढं विचारा, की गेम मोडमध्ये 'इनपुट लॅग' किती? विक्रेता '1 मिलिसेकंद रिस्पॉन्स टाइम' दाखवील. तो आकडा वेगळा. पडद्यावरचा ठिपका रंग किती चटकन बदलतो, एवढंच तो सांगतो. खोक्यावर नुसतं 'एचडीएमआय 2.1' छापलेलं पाहूनही समाधान मानू नका. एएलएलएम, व्हीआरआर आणि 120 हर्ट्झ यांपैकी त्यात काय काय आहे, ते एकेक विचारून घ्या, कारण त्या नावाखाली सगळं असेलच असं नाही. पण त्याआधी आजच संध्याकाळी मुलांना जवळ बसवून घरच्या टीव्हीचा मेनू एकदा उघडून पाहा.