खुर्ची मिळाली, अधिकार केव्हा?

१९९३ च्या घटनादुरुस्तीने ग्रामपंचायतींत स्त्रियांस एक-तृतीयांश जागा मिळाल्या. २०११ साली महाराष्ट्राने त्या निम्म्या केल्या. रोहे तालुक्यातील आदिती तटकरे २०१७ साली रायगड जिल्हा परिषदेच्या अध्यक्षा व पुढे मंत्री झाल्या, हे भूषणच होय. परंतु जिच्या पाठीशी राजकीय घराणे नाही, तिची वाट काय? सही सरपंचबाईंची आणि कारभार पतिराजांचा, असे जेथे चालते, तेथे कायद्याची विटंबनाच होते. ग्रामसभेपूर्वी स्त्रियांची स्वतंत्र सभा भरविण्याची तरतूद कायद्यात आहे. ती सभा कागदावर न भरता चावडीवर भरावी. पेणच्या कारखान्यांत गणेशमूर्ती रंगविणाऱ्या हातांनी गावचा जमाखर्चही तपासावा, इतकेच आमचे मागणे आहे.