दोन तिरक्या भिंतींची पकड

ऑक्टोबर उजाडला की हिंगोली जिल्ह्यात सेनगावपासून वसमतपर्यंत शेताशेतांत सोयाबीनच्या सुड्या दिसू लागतात आणि मळणी यंत्रांची घरघर सुरू होते. परतीच्या पावसाचे आभाळ डोक्यावर असते, मजूर लावलेले असतात, आणि नेमक्या अशा वेळी यंत्राचा आवाज बदलतो. ड्रम मंदावतो, जळक्या रबराचा वास सुटतो. बेल्ट गेलेला असतो. कुणीतरी मोटारसायकलला किक मारून तालुक्याला नवा बेल्ट आणायला धावतो आणि तोवर सगळे खळे थांबते.

उतरवलेला बेल्ट हातात घेऊन जरूर पाहावा. त्याला दाते नाहीत, कड्या नाहीत, अडकवायला आकडा नाही. नुसता रबराचा आणि कापडाचा गुळगुळीत पट्टा. तरी यानेच इंजिनाची ताकद ओढून नेऊन जड ड्रम दिवसभर फिरवला.  एवढे बळ तो कशाच्या जोरावर पेलतो?

उत्तर त्याच्या आकारात आहे. बेल्ट आडवा कापला तर वर रुंद आणि खाली अरुंद दिसतो, म्हणूनच त्याला व्ही बेल्ट म्हणतात. पुलीच्या खाचेत तो तळाला टेकत नाही. दोन्ही बाजूंच्या तिरक्या भिंतींमध्ये तो पाचरीसारखा रुततो. ओढ वाढली की तो आणखी आत दबतो आणि भिंतींवरचा दाब कितीतरी वाढतो. खाचेचा कोन 38 अंश धरला, तर सपाट पट्ट्याच्या मानाने घर्षण सुमारे तिप्पट भरते.

खरे नवल यापुढे आहे. गोल पृष्ठभागावर गुंडाळलेल्या पट्ट्याची पकड घर्षणाच्या सरळ पटीत वाढत नाही, ती चक्रवाढीने वाढते. हे गणित अठराव्या शतकात लिओनार्ड ऑयलरने मांडले. घर्षणांक 0.3 असलेला सपाट पट्टा पुलीला अर्धा वेढा घालून बसला असेल, तर ताणलेल्या बाजूची ओढ ढिल्या बाजूच्या फार तर अडीच पट होऊ शकते, त्यापुढे तो घसरतो. तेच रबर व्ही आकाराच्या खाचेत बसवले की हे प्रमाण 18 पटींवर जाते. घर्षण तिप्पट झाले आणि पकड सातपट! 1917 मध्ये अमेरिकेतल्या डेन्व्हर शहरात जॉन गेट्स यांनी रबर आणि धाग्यांचा असा बेल्ट तयार केला आणि कारखान्यांतल्या रुंद चामडी पट्ट्यांचे दिवस भरत आले. आज आपल्या नागपूरजवळच्या हिंगण्यात पिक्स कंपनी असे बेल्ट बनवून देशोदेशी पाठवते.

आणखी एक बारकावा पाहण्यासारखा आहे. बेल्टच्या बाजूंचा कोन 40 अंशांचा असतो, पण लहान पुलीची खाच 34 अंशांची कापतात. कारण बेल्ट वाकला की आतले रबर दबून बाजूंना फुगते आणि त्याचा कोन आपोआप कमी होतो. वाकलेल्या बेल्टला साजेल अशीच खाच आधीपासून कापलेली असते.

हे एकदा उमगले की बेल्ट बदलण्याचे सगळे नियम आपोआप सुचतात. पकड बाजूंची आहे, म्हणून खाचेचा तळ चकचकीत झालेला दिसला तर पुलीच झिजली आहे. नवा बेल्टही तिथे घसरणारच. ताकद आतल्या धाग्यांच्या दोरांत आहे, म्हणून पाना किंवा पहार घालून बेल्ट पुलीवर चढवू नये. आत एखादा दोर तुटतो, बाहेरून काही दिसत नाही आणि चार दिवसांत बेल्ट उलटतो. बोल्ट सैल करून इंजिन जवळ सरकवावे, बेल्ट हाताने बसवावा, मग इंजिन मागे ओढावे. दोन्ही पुल्या एका रेषेत आहेत का, हे ताणलेल्या दोरीने तपासावे.

नंबर जुन्या बेल्टवरचाच घ्यावा. बी-68 म्हणजे बी जातीचा, वर 17 मिलिमीटर रुंद आणि आतून 68 इंच लांबीचा. दोन-तीन बेल्ट शेजारी चालत असतील तर सगळे एकदम बदलावेत, नाहीतर ताणून लांबलेले जुने बेल्ट आरामात फिरतात आणि सगळा भार एकट्या नव्यावर येतो. ताणही बेताचा हवा. दोन पुल्यांमध्ये 1 मीटर अंतर असेल, तर कंपनीने सांगितलेल्या जोराने मधोमध दाबल्यावर बेल्ट सुमारे 16 मिलिमीटर दबावा. फार ताणला तर बेअरिंग जाते, ढिला राहिला तर बेल्ट जळतो. काही तास चालवून पुन्हा एकदा ताण पाहावा, कारण नवा बेल्ट खाचेत बसता बसता सैल होतो.

पुलीही मनाने बदलू नये. 1500 फेऱ्यांच्या इंजिनावर 6 इंची आणि ड्रमवर 18 इंची पुली असेल तर ड्रम मिनिटाला 500 फेरे घेतो. सोयाबीनच्या दाण्याचे टरफल नाजूक असते, म्हणून बियाण्यासाठी ड्रमचे फेरे 400 ते 500 च्या आसपासच ठेवायला सांगतात. वेग वाढला की दाणा फुटतो आणि बियाण्याची उगवण मार खाते.

मळणी यंत्रांवर इतके हात जायबंदी झाले, की 1983 मध्ये त्यासाठी संसदेला धोकादायक यंत्रांचा वेगळा कायदा करावा लागला. म्हणून बेल्टला हात लावण्याआधी इंजिन बंद करा, ट्रॅक्टरची किल्ली काढून आपल्या खिशात ठेवा, आणि काम झाल्यावर बेल्टवरची जाळी परत बसवल्याशिवाय यंत्र सुरू करू नका. 18 पटींची ही पकड धान्याला आणि धोतराच्या सोग्याला सारखीच ओढते.