वकट, लेंड, मूंड

विटी तासायची ती बाभळीची फांदी ओली असतानाच. वाळली की कोयता निसटतो आणि बोट कापतं. गेल्या मे महिन्यात भाच्यासाठी अंगठ्याएवढी जाड फांदी तोडली, वीतभराहून जरा कमी तुकडा घेतला, साल काढली. पहिली विटी फुकट गेली. हौसेनं पेन्सिलीसारखी निमुळती टोकं काढली होती, दुसऱ्याच टोल्याला शेंडा उडाला. दुसरीचं पोट जाड ठेवलं, टोकं आखूड. विटी पोटावर टेकते, म्हणून टोकं जमिनीपासून जराशी अधांतरी राहतात. त्या टोकावर दांडू आपटला की ती उसळते. सगळं कसब एवढ्याशा फटीत आहे.

गल खणली. भाच्यानं विटी कोलली, झेल सुटला, आणि तो दांडूनं अंतर मोजू लागला: वकट, लेंड, मूंड, नाल, आर, वेद, झक्कू. पुन्हा वकट. शेवटी जो शब्द येईल त्यावर पुढचा टोला ठरतो. आमच्याकडे वकटला पायाच्या पंजावरून, मूंडला मुठीवरून विटी उडवतात. आरला ती डोळ्यावर ठेवायची. आर आला की माझी आई घरातून ओरडायची.

ओट्यावर बसलेल्या शेजारच्या पद्मशाली आजी हसायला लागल्या. "ओकटि, रेंडु, मूडु, नालुगु... अरे, तुम्ही तर आमचं मोजताय!" आमच्या सोलापुरात पूर्व भागातल्या विणकरांबरोबर तेलुगू घरोघरी आहे, त्यामुळे मला आधी नवल वाटलं नाही. पण हीच मोजणी पुण्या-साताऱ्याकडची पोरंही करायची. त्यांना तेलुगू शिकवायला कोण गेलं होतं? खेळ जुना, तुकोबांच्या गाथेतही विटूदांडू आहे. मोठी माणसं बाजारात एक, दोन, तीन म्हणत राहिली आणि हे परके आकडे पोरांनी एकमेकांच्या तोंडून उचलले. कुठल्या शाळेत ते कधी शिकवले नाहीत, म्हणून कुणी सुधारलेही नाहीत.

आजींनी मात्र एक चूक काढलीच. तेलुगूत आरु म्हणजे सहा. आपण नालनंतर थेट आर म्हणतो. मधला ऐदु, म्हणजे पाच, कुठेतरी गळालाय.

भाच्याला हे सांगितलं. त्यानं मोजणी बदलायला साफ नकार दिला. पाच मध्ये घातला असता तर त्याचा झक्कू गेला असता.